मियाजिमाला दोन तास पुरत नाहीत

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

जपानच्या सहलींच्या जाहिराती हल्ली वृत्तपत्रांत वारंवार दिसतात, आणि त्यांत फुजी पर्वताच्या खालोखाल जे छायाचित्र हटकून असते, ते भर समुद्रात उभ्या असलेल्या एका शेंदरी कमानीचे. ती कमान हिरोशिमाजवळच्या मियाजिमा बेटावरील इत्सुकुशिमा देवस्थानाची आहे. या बेटावर मी दोनदा गेले. पहिल्यांदा मराठी प्रवाशांच्या गटाबरोबर दोन तासांसाठी, आणि दुसऱ्यांदा ओसाकाला राहणाऱ्या माझ्या मुलीबरोबर, स्थानिक मार्गदर्शक घेऊन, सकाळपासून संध्याकाळपर्यंत. त्या दोन भेटींत एवढे अंतर होते, की पहिल्या वेळी मी मियाजिमा पाहिले असे म्हणण्याचाही मला आता संकोच वाटतो. आपल्याकडून जाणाऱ्या प्रवाशांना आणि त्यांना नेणाऱ्या कंपन्यांना त्याविषयी काही सांगावे, म्हणून हे पत्र लिहीत आहे.

पहिली सहल २०२३च्या एप्रिलातली. कंपनीचे नाव लिहीत नाही, कारण नंतर ओळखीच्या काहींच्या कार्यक्रमपत्रिका पाहिल्या, तर त्याही साधारण तशाच होत्या. सकाळी क्योतोहून शिंकान्सेन या बुलेट ट्रेनने हिरोशिमा, तेथे अणुबाँबच्या स्फोटातून उरलेला घुमट, शांतता उद्यान आणि संग्रहालय, मग जेवण, आणि दुपारी बसने मियाजिमागुचीचा धक्का. पलीकडे जायला फेरीबोटीला दहा मिनिटे लागतात. बेटावर पाय ठेवला तेव्हा तीन वाजत आले होते, आणि आमच्या व्यवस्थापकांनी धक्क्यावरच सांगून टाकले, की पाच वाजता सर्वांनी याच जागी जमायचे. त्या दोन तासांत स्वच्छतागृह, दुकाने, छायाचित्राची रांग आणि देवस्थानातून एक फेरी एवढेच झाले. मागच्या डोंगराकडे बोट दाखवून मी विचारले, तेव्हा ‘वर नुसते जंगल आहे’ असे उत्तर मिळाले. ते व्यवस्थापक सज्जन होते, ज्येष्ठांची काळजी घेत होते. त्यांना कोणी काही सांगितलेच नव्हते, तर ते आम्हाला काय सांगणार?

मी मूळची रत्नागिरी जिल्ह्यातल्या खाडीकाठच्या गावची. समुद्रावर जायचे तर आधी तिथी पाहायची, हे आम्हाला लहानपणापासून ठाऊक असते. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, हा हिशेब आमच्याकडे शाळेत न गेलेल्या माणसालाही येत असे. मियाजिमाला तो हिशेब वेळेच्या बाबतीत जुळत नाही, पण अमावास्या-पौर्णिमेला उधाण आणि अष्टमीच्या सुमारास भांग, म्हणजे भरती-ओहोटीतला सर्वांत कमी फरक, हा क्रम तेथेही तोच आहे. आम्हाला नेले ते भांगाच्या दिवसांत, आणि तेही भरती अर्धी झालेली असताना. कमानीच्या बुडाशी गुडघाभर गढूळ पाणी होते. ती पाण्यावर तरंगते आहे असा भासही होत नव्हता, आणि चालत जवळ जाता येईल अशी वाळूही उघडी पडलेली नव्हती. भरतीचे पाणी अडीच मीटरच्या वर चढले की देवस्थान आणि कमान तरंगल्यासारखी दिसतात आणि एक मीटरच्या खाली उतरले की खांबांपर्यंत चालत जाता येते, असा तेथला ढोबळ ठोकताळा आहे. भरती-ओहोटीचे तक्ते वर्षभर आधी छापलेले असतात. लाखो रुपये भरून माणसे जेथे जातात, तेथे नेण्याचा दिवस आणि तास ठरवताना हा तक्ता कोणीही उघडून पाहू नये, याचे मला तेव्हाही वाईट वाटले आणि आजही वाटते.

दुसऱ्या वेळी आम्ही वैशाख पौर्णिमेचा दुसरा दिवस निवडला, २४ मे २०२४. मुलीने आधीच नोंदणी करून एक मार्गदर्शक बाई ठरवल्या होत्या. साठी ओलांडलेल्या, अंगाने सडपातळ, पायात डोंगर चढण्याचे बूट, आणि बोलणे अगदी सावकाश. जपानमध्ये परदेशी पाहुण्यांना माहिती देणाऱ्या दुभाष्या मार्गदर्शकांसाठी १९४९पासून सरकारी परीक्षा आहे. २०१८पासून परवान्याशिवायही हे काम करता येते, तरी परीक्षा दिलेल्या माणसाचे बोलणे ऐकताना फरक जाणवतो. सकाळी पावणेनऊला त्या आम्हाला धक्क्यावर भेटल्या, आणि त्यांनी पहिली गोष्ट काय केली असेल, तर पिशवीतून त्या दिवसाचा भरतीचा तक्ता काढून आमच्या हातात दिला. सकाळी भरतीला देवस्थान, मग डोंगर, आणि दुपारी चारच्या सुमारास ओहोटीला पायी कमान, असा त्यांनी दिवस आखला होता.

देवस्थानाकडे जाताना त्यांनी एक प्रश्न विचारला, जो आमच्या गटातल्या कोणाच्याही मनात आला नव्हता. एवढी जमीन असताना देऊळ समुद्रात का बांधले? उत्तर त्यांनीच दिले. पूर्वीच्या लोकांच्या लेखी हे सबंध बेटच देव होते. देवाच्या अंगावर पाय कसा ठेवायचा, त्याच्या अंगावर खांब कसे रोवायचे, म्हणून देऊळ भरतीच्या पाण्यात, देवाच्या पायाशी उभारले. परंपरेने या देवस्थानाची स्थापना इ.स. ५९३ची मानतात, आणि आजचे विस्तारलेले रूप ११६८ साली ताइरा नो कियोमोरी या सरदाराने दिले. जमिनीची नांगरट आणि झाडांची तोड बेटावर निषिद्ध होती. त्याहून विशेष म्हणजे जन्म आणि मृत्यू या दोहोंचाही विटाळ बेटाला होऊ द्यायचा नाही असा नियम होता. बाळंतपण जवळ आलेली बाई आणि मरणाला टेकलेला माणूस, दोघांनाही बोटीने पलीकडे नेत. बेटावर आजही स्मशान नाही. बाईंनी हे सांगितले तेव्हा मी मुलीकडे पाहून एवढेच म्हटले, ‘सोयरसुतक!’ आणि तो शब्द बाईंना समजावून देण्यात आमची पाच मिनिटे गेली. त्यांनी तो वहीत लिहून घेतला.

१५५५ साली याच बेटावर मोरी मोतोनारी आणि सुए हारुकाता यांच्या सैन्यांत लढाई झाली. जिंकल्यानंतर मोतोनारीने प्रेते पलीकडच्या किनाऱ्यावर नेली, रक्ताने भिजलेली माती खरवडून काढली आणि देवस्थान धुऊन काढले, असे सांगतात. मला ही हकीकत कोणत्याही आकडेवारीपेक्षा अधिक बोलकी वाटली. विजयाच्या दुसऱ्या दिवशी माणसे लुटीची मोजदाद करतात. येथे सेनापती माती खरवडत होता.

देवस्थानाच्या ओवऱ्यांतून चालताना बाईंनी आम्हाला समोर नव्हे, खाली पाहायला सांगितले. पायाखालच्या फळ्या एकमेकींना चिकटून बसवलेल्या नाहीत, त्यांच्यात बोटभर फटी ठेवलेल्या आहेत. त्या फटींतून हिरवट पाणी हलताना दिसत होते, आणि आम्ही उभ्या होतो तेवढ्या वेळात ते खांबावरच्या एका ओल्या खुणेच्या वर चढले. तुफानाच्या वेळी लाटेचा जोर खालून येतो, तो या फटींतून वर निघून जातो आणि जमीन उखडत नाही. फळ्या घट्ट बसवल्या असत्या, तर पहिल्याच मोठ्या वादळात सगळे तरंगत गेले असते. एवढे करूनही १९९१च्या आणि २००४च्या वादळांत देवस्थानाचे मोठे नुकसान झाले, आणि प्रत्येक वेळी ते पुन्हा जसेच्या तसे उभे करण्यात आले. खाडीच्या काठी घर असलेल्या माणसाला हे पाहून काय वाटते, ते मला नीट सांगता येणार नाही. समुद्राला अडवायचे नाही, त्याला वाट करून द्यायची, हे आमच्या वडीलधाऱ्यांचेही म्हणणे असे.

त्या कमानीची गोष्टही अशीच. तिला जपानीत तोरी म्हणतात. सध्याची कमान १८७५ सालची, उंची सुमारे साडेसोळा मीटर आणि वजन साठ टनांच्या आसपास. तिचे दोन मुख्य खांब कापराच्या झाडाच्या अखंड बुंध्यांचे आहेत, आणि ते जमिनीत पुरलेले नाहीत. समुद्राच्या तळाशी पाइनच्या लाकडाच्या खुंट्या ठोकून तयार केलेल्या पायावर ती केवळ स्वतःच्या वजनाने उभी आहे. वजन पुरेसे व्हावे म्हणून वरच्या आडव्या तुळईच्या पोकळीत काही टन दगडगोटे भरलेले आहेत. माथ्यावर पूर्वेच्या टोकाला सूर्य आणि पश्चिमेच्या टोकाला चंद्र रंगवलेला आहे. आपल्या गावोगावच्या वीरगळांवर वरच्या बाजूला चंद्र-सूर्य कोरलेले असतात, ते मला तेथे उभ्या उभ्या आठवले. २०१९च्या जूनपासून २०२२च्या डिसेंबरपर्यंत तिची दुरुस्ती चालू होती. खांबांच्या भेगांत श्रद्धेने नाणी खोचण्याची रीत पर्यटकांत पडली होती आणि त्याने लाकडाला इजा होते, म्हणून नाणी खोचू नयेत असे तेथे बजावले जाते. आमच्या पहिल्या सहलीत पाणी असल्यामुळे ही वेळ आली नाही. आली असती तर आमच्यातल्या किती जणांनी नाणे खोचले असते, हे मी जाणून आहे, कारण नाणे टाकल्याशिवाय आपल्याला दर्शन पुरे झाल्यासारखे वाटत नाही.

आता या पत्राच्या मुख्य मुद्द्याकडे येते. इत्सुकुशिमाच्या देवी तीन बहिणी आहेत. त्यांतली इचिकिशिमा-हिमे हिला शेकडो वर्षे बेन्झाइतेनचेच रूप मानले गेले, आणि बेन्झाइतेन म्हणजे आपली सरस्वती. बौद्ध ग्रंथांबरोबर ती चीनमार्गे जपानला पोहोचली, हातातल्या वीणेची बिवा, म्हणजे तेथले तंतुवाद्य, झाली, आणि नद्या-सरोवरे-समुद्र यांच्या काठी तिची ठाणी वसली. सरस्वती मुळात नदीच, त्यामुळे तिला पाणी सापडले यात नवल नाही. जपानच्या तीन थोर बेन्झाइतेन स्थानांत मियाजिमाची गणना होते. १८६८ साली नव्या राजवटीने शिंतो या जपानच्या मूळ धर्माच्या आणि बौद्ध धर्माच्या दैवतांची ताटातूट केली, तेव्हा देवस्थानातील बौद्ध मूर्ती बाहेर काढाव्या लागल्या, आणि बेन्झाइतेन शेजारच्या दाइगान-जी या मंदिरात गेली. देवस्थानाच्या बाहेर पडण्याच्या वाटेपासून हे मंदिर हाकेच्या अंतरावर आहे. पहिल्या वेळी आमचा अठ्ठावीस जणांचा गट त्याच्या दारावरून घाईघाईने गेला. आमच्यात चार शिक्षिका होत्या, दर वर्षी दसऱ्याला पाटीवर सरस्वती काढून मुलांकडून तिची पूजा करून घेणाऱ्या. ती येथे दाराआड आहे हे आम्हाला कोणी सांगितले नाही, आणि आम्ही आईस्क्रीमच्या रांगेत उभ्या राहिलो.

बाजारातल्या दुकानांत जागोजाग लाकडाच्या, भात वाढायच्या पळ्या टांगलेल्या असतात. त्यांना शामोजी म्हणतात. पहिल्या वेळी मी दोन घेतल्या होत्या, भेट म्हणून. दुसऱ्या वेळी समजले, की पूर्वी सेइशिन नावाच्या एका भिक्षूने बेटावरच्या लोकांना उपजीविकेचे साधन मिळावे म्हणून बेन्झाइतेनच्या बिवाच्या आकारावरून ही पळी घडवली, अशी तेथे समजूत आहे. माझ्या स्वयंपाकघरात वर्षभर सरस्वतीची वीणा भात वाढत होती आणि मला त्याचा पत्ता नव्हता.

मग आम्ही डोंगराकडे निघालो. त्याचे नाव मिसेन, उंची ५३५ मीटर. शुमिसेन या शब्दावरून हे नाव पडले असे तेथे सांगतात, आणि शुमिसेन म्हणजे सुमेरू. मोमिजिदानीच्या दरीतून रोपवे वर जातो. आधी छोट्या पाळण्यांतून, मग मधल्या स्थानकावर बदलून मोठ्या पाळण्यातून शिशिइवा स्थानकापर्यंत. खाली जे रान दिसते ते ‘नुसते जंगल’ नाही. १९२९ सालीच त्याला नैसर्गिक स्मारक म्हणून संरक्षण मिळाले, आणि १९९६ साली युनेस्कोने जे ४३१ हेक्टर जागतिक वारसा म्हणून नोंदवले, त्यात देवस्थानाबरोबर हे रानही आहे. देवाचे म्हणून कुऱ्हाड न लागलेले रान कसे असते, हे सह्याद्रीतली देवराई पाहिलेल्या माणसाला वेगळे सांगावे लागत नाही. तोच काळोखा गारवा, खाली तोच पाचोळ्याचा थर, आणि आवाज खाली आणावासा वाटणे तेही तेच. जागतिक वारसा म्हणून हिरोशिमाचा घुमट आणि इत्सुकुशिमा या दोन्हींची नोंद एकाच वर्षी झाली, हेही बाईंनी पाळण्यात बसल्या बसल्या सांगितले.

शिशिइवापासून पुढे सुमारे एक किलोमीटर पायी चालावे लागते. वाट आधी उतरते आणि मग पायऱ्यांनी चढते. अर्धा तास पुरतो असे म्हणतात, मला पाऊण तास लागला. शिखराच्या अलीकडे दोन इमारती समोरासमोर आहेत. एक मिसेनचे मुख्य मंदिर, तेथे आकाशगर्भ बोधिसत्त्वाची उपासना होते. दुसरी लहानशी, लाकडी, आतून काजळीने पूर्ण काळी झालेली. तिचे नाव रेइकादो, म्हणजे पवित्र अग्नीचे घर.

इ.स. ८०६ साली चीनहून परतलेल्या कूकाइने, ज्याला लोक कोबो दाइशी म्हणतात, या डोंगरावर शंभर दिवस साधना केली आणि तेव्हा चेतवलेला अग्नी आजवर विझलेला नाही, अशी श्रद्धा आहे. म्हणजे बाराशे वर्षे. इमारत २००५ साली जळाली आणि पुढच्या वर्षी पुन्हा बांधली गेली. आत शिरताच धुराने डोळे चुरचुरले. मध्ये ओंडके धुमसत होते, ज्वाळा नव्हती, राखेखाली लाली होती, आणि त्यावर लोखंडाची एक मोठी किटली टांगलेली होती. बाईंनी वाफ सोडत असलेल्या किटलीचे लाकडी झाकण बाजूला केले, पळीने पाणी घेतले आणि छोट्या भांड्यात ओतून मला दिले. ते पाणी सर्व दुखण्यांवर चालते असे मानतात. चव धुराची होती, आमच्या गावच्या न्हाणीघरातल्या तांब्याच्या हंड्यातल्या पाण्यासारखी. मी दोन घोट घेतले आणि माझी आई मला स्पष्ट आठवली.

मी बाईंना विचारले, की या अग्नीत काय करतात? त्या म्हणाल्या, ‘गोमा’. मी पुन्हा विचारले. त्यांनी लाकडाच्या चौकोनी काड्या दाखवल्या, ज्यांवर लोक आपापल्या इच्छा लिहून देतात आणि ज्या मंत्र म्हणत अग्नीत टाकतात. गोमा म्हणजे होम. शब्द तोच आहे, प्रवासात त्याचा ‘ह’ तेवढा बदलला. कूकाइने चीनमध्ये प्रज्ञ नावाच्या भारतीय भिक्षूकडे संस्कृतचे धडे घेतले होते आणि तो सिद्धम् लिपीतले मंत्र घेऊन जपानला परतला. आपल्याकडे ही लिपी वापरातून गेली. जपानच्या मंदिरांत ती आजही लिहिली जाते, शिळांवर कोरली जाते, आणि तिचे ‘अ’ अक्षर देवासारखे पुजले जाते.

यानंतर बाईंनी जे सांगितले त्यासाठी खरे तर मी हे पत्र लिहायला बसले. हिरोशिमाच्या शांतता उद्यानात १९६४पासून जी ज्योत तेवत आहे, जगातले शेवटचे अण्वस्त्र नष्ट होईपर्यंत विझवायची नाही असा जिचा संकल्प आहे, तिच्यासाठी जे अग्नी आणले गेले त्यांत मिसेनवरचा हा अग्नीही होता. मी त्या काळ्या भिंतीला टेकून खाली बसले. वर्षभरापूर्वी सकाळी आम्ही अठ्ठावीस जण त्या ज्योतीसमोर उभे होतो, आमच्यातल्या काहींच्या डोळ्यांत पाणी होते, एका आजोबांनी चपला बाजूला काढून ठेवल्या होत्या. त्याच दिवशी दुपारी आम्ही त्या अग्नीच्या डोंगराखाली उभे होतो, आणि ‘वर नुसते जंगल आहे’ हे ऐकून परत फिरलो. एका होमाचा अग्नी, जो आपल्या शब्दाने आणि आपल्या मंत्रांनी पेटवला गेला, तो माणसाने केलेल्या सर्वांत भीषण संहाराच्या जागी ज्योत होऊन पोहोचला. सकाळची जागा आणि दुपारची जागा यांना जोडणारा हा धागा एका वाक्यात सांगता आला असता. त्यासाठी रोपवेचे तिकीटही लागले नसते.

शिखरावर प्रचंड शिळा एकमेकींवर रेललेल्या आहेत. एका शिळेखालून वाकून जावे लागते. दुसऱ्या एका शिळेला भोक आहे आणि त्यातले पाणी खारट असून खालच्या समुद्राच्या भरती-ओहोटीबरोबर चढते-उतरते अशी समजूत आहे. मी त्यात बोट बुडवून पाहिले नाही, नुसते पाहत उभी राहिले. वरून खालच्या सामुद्रधुनीत ओळीने मांडलेले तराफे दिसतात, त्यांवर कालवे, म्हणजे खाण्याचे शिंपले, वाढवतात. हिरोशिमाची कालवे जपानभर प्रसिद्ध आहेत.

उतरताना आम्ही दाइशो-इन मंदिराकडे जाणारी पायऱ्यांची वाट घेतली. दोन हजारांहून अधिक पायऱ्या आहेत, दोन तास लागले आणि दुसऱ्या दिवशी गुडघे बोलत होते, तेव्हा सर्वांनी असे करावे असे मी म्हणणार नाही. पण हे मंदिर डोंगराच्या पायथ्याशीच आहे, देवस्थानापासून पायी फार दूर नाही, आणि डोंगर न चढणाऱ्यांनी येथे तरी जावेच. वर जाणाऱ्या पायऱ्यांच्या कठड्यावर सूत्रे कोरलेली धातूची चक्रे बसवली आहेत, ती फिरवत गेले की सूत्र वाचल्याचे पुण्य लागते. बाजूच्या वाटेवर पाचशे राकान बसले आहेत. प्रत्येकाचा चेहरा वेगळा आणि बहुतेकांच्या डोक्यावर कोणीतरी विणून घातलेली लोकरीची टोपी. राकान म्हणजे अर्हत, बुद्धाचे मुक्त झालेले शिष्य, त्यांच्याच या मूर्ती. फुदो म्हणजे अचल, मांदारा म्हणजे मंडल. दर दहा पावलांवर घरचा माणूस भेटावा तसे हे शब्द भेटतात, आणि प्रत्येकाची ओळख पटायला शेजारी कोणीतरी सांगणारे असावे लागते.

सहल कंपन्यांचे म्हणणे मी ऐकलेले आहे. गटात ज्येष्ठ असतात, जपान महाग आहे, पूर्ण दिवस दिला तर दुसरे एखादे ठिकाण गाळावे लागते. हे खोटे नाही. मीही अडुसष्ट वर्षांची आहे. परंतु दहा दिवसांत पंधरा ठिकाणे दाखवण्याच्या नादात एकही ठिकाण पदरात पडत नसेल, तर ते गाळणे नुकसानीचे कसे? आणि पंढरीला जाऊन चंद्रभागेच्या वाळवंटातून कळसाचे छायाचित्र काढून परत फिरावे, असा कार्यक्रम कोणी आखला तर आपण तो स्वीकारू का?

माझ्या मागण्या साध्या आहेत. हिरोशिमा आणि मियाजिमा यांना मिळून दोन दिवस द्यावेत, निदान मुक्काम हिरोशिमात ठेवून बेटासाठी सकाळ मोकळी ठेवावी. तारीख निश्चित झाल्यावर भरतीचा तक्ता पाहून वेळ ठरवावी आणि ती कार्यक्रमपत्रिकेत छापावी. तीस जणांमागे दोन स्थानिक मार्गदर्शक घ्यावेत, आणि जपानीतून किंवा इंग्रजीतून ते सांगतील ते मराठीत आणू शकेल असा माणूस बरोबर द्यावा. जपानमध्ये शिकणारे आणि नोकरी करणारे मराठी तरुण आता बरेच आहेत, त्यांच्यातले काही हे काम आनंदाने करतील. ज्यांना चालवते त्यांना रोपवेने मिसेनवर न्यावे, ज्यांना चालवत नाही त्यांना त्या वेळेत दाइगान-जी आणि दाइशो-इन दाखवावे.

प्रवाशांनाही दोन गोष्टी सांगायच्या आहेत. बेटावरची हरणे माणसांना सरावलेली आहेत, ती अंगाशी येतात. त्यांना काहीही खायला घालू नये अशी तेथे स्पष्ट विनंती आहे. आमच्या गटातील एका गृहस्थांनी प्रेमापोटी पिशवीतली दशमी काढली, तेव्हा दुकानदार बाई धावत येऊन हात जोडून नको नको म्हणत होत्या, आणि तोवर दुसऱ्या हरणाने आमच्याच एका ताईंच्या हातातला कागदी नकाशा चावून गिळला होता. कागद, प्लास्टिक पोटात जाऊन ही जनावरे मरतात. दुसरे म्हणजे, फेरीच्या तिकिटाबरोबर माणशी १०० येन कर घेतला जातो. तो १ ऑक्टोबर २०२३पासून सुरू झाला आहे. त्यावरून आपल्या मंडळींनी तिकीट खिडकीशी वाद घातल्याचे मी दुसऱ्या भेटीत पाहिले. लाखोंनी येणाऱ्या पाहुण्यांचा भार एका लहानशा बेटाला सोसावा लागतो, त्यासाठीच हा कर आहे. आपल्या पन्नास-साठ रुपयांचाच तर प्रश्न असतो.

त्या दिवशी चार वाजता आम्ही खाली आलो, तेव्हा पाणी पार मागे हटले होते. सकाळी जेथे होड्या होत्या तेथे शाळेची मुले ओल्या वाळूवरून चालत होती. आम्हीही कमानीच्या खांबापर्यंत गेलो. खांब कवेत मावत नव्हता, तिघींनी हात पसरले तरी बोटांना बोटे लागेनात. खालच्या भागाला शिंपल्यांचा खरखरीत थर होता आणि त्याच्या वर शेंदरी रंग. बाईंनी पिशवीतून पुन्हा तो तक्ता काढला, पाहिला, आणि म्हणाल्या, की आता अजून तासभर तरी येथे थांबता येईल. आम्ही थांबलो.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, रत्नागिरी